उसना घेतलेला डोळा

आमचं वावर आंजीच्या शिवाराच्या पार टोकाला, नाल्याला लागून होतं, आणि त्याला जुन्या साड्यांचं कुंपण होतं. रानडुकरं रंगाला बुजतात असं बाबांना कुणीतरी सांगितलं होतं. मायच्या फाटलेल्या, शेजारपाजारच्या बायांनी दिलेल्या, भंगारवाल्याकडून गठ्ठ्यानं आणलेल्या साड्या बाबांनी बांबूला बांधून तिन्ही बाजूंनी ताणल्या होत्या. लांबून पाहणाऱ्याला वाटायचं, इथं कुणाचं लग्न आहे. एका वर्षी डुकरांनी त्या साड्याही जुमानल्या नाहीत. दोन दिवसांत वांग्याचा अख्खा पट्टा उलटापालटा करून टाकला. बाबा सकाळी धुऱ्यावर, वावराच्या बांधावर, उभे राहिले. वाकून एक अर्धं खाल्लेलं वांगं उचललं, धोतराला पुसलं आणि टोपलीत टाकलं. त्या दिवशी घरी भरीत झालं. ते मी कसं खाल्लं हे अजून आठवतं, कारण कुणीच कुणाकडं बघत नव्हतं. त्या हंगामात माय दुसऱ्याच्या वावरात कापूस वेचायला गेली. आमची विहीर होळीच्या आतच बुडाला जायची, मग उरलेल्या भेंडीला आणि पालकाला आम्ही घागरींनी पाणी घालायचो. माय म्हणायची, "पोरीसारखं पोसून राह्यलो बापा या पालकाले." आणि बाबा माझ्याकडं बघून म्हणायचे, "पोरीले तं घागरीनं नाई ना पोसत. तिचं ती शिकून राह्यली."

शिकणं हा बाबांचा हट्ट होता, माझा नव्हता. ते स्वतः चौथीपर्यंत. माय सहीपुरती. आमच्या घरात कुणी कॉलेजचं फाटक आतून पाहिलेलं नव्हतं. मी बारावी झाले तेव्हा बाबांनी मला वर्ध्याच्या कॉलेजात नेऊन घातलं आणि परत येताना एसटीत कंडक्टरला दोनदा सांगितलं की पोरगी बी.ए.ला आहे. मायच्या टोपल्या आणि मी, आम्ही एकाच गाडीनं जायचो. ती बाजाराजवळ उतरायची, मी पुढं. माझ्या वह्यांना सांबाराचा, म्हणजे कोथिंबिरीचा, वास यायचा. मागच्या बाकावरच्या मुली नाक उडवून म्हणायच्या, "भाजीवाली आली." मला त्याचं वाईट वाटत नव्हतं असं मी आज म्हणते, तेव्हा वाटायचं.

फोन घरात आला तो बाबांना भाजीचे भाव कळावेत म्हणून. माझी मावसबहीण रेखा जाम गावी दिलेली, तिथल्या चौकात त्यांचं चहापोह्यांचं हॉटेल. तिच्या नवऱ्याचा जुना, काचेला तडा गेलेला फोन तिनं आमच्याकडं दिला. बाबा तो सकाळी दहा मिनिटं वापरायचे, बाकीचा दिवस माझा. त्यावर एकदा मी एका बॉक्सर बाईची लढत पाहिली. हरियाणाकडची होती. तिचं नाव मी इथं लिहीत नाही, पण तिला जीव लावणारी शेकडो माणसं तेव्हा तिची चित्रं काढून एका ग्रुपवर टाकायची. त्या ग्रुपचं नाव 'तिसरी फेरी'. कुणी पेन्सिलनं काढायचं, कुणी कॉम्प्युटरवर, कुणी तिला देवीसारखी, कुणी वाघिणीसारखी. मी लहानपणापासून वहीच्या मागच्या पानांवर चित्रं काढायची, ती कुणी पाहिली नव्हती. तिथं मी 'आंजीवाली' या नावानं पहिलं चित्र टाकलं आणि ज्यांना मी ओळखत नव्हते अशा चाळीसेक माणसांनी ते चांगलं म्हटलं. वर्गात ज्या मुलीला भाजीवाली म्हणतात तिला हे किती हवं असतं, ते सांगून कळायचं नाही.

त्या ग्रुपचे नियम कडक. फोटोवर कागद ठेवून उतरवायचं नाही. हरलेलीला लहान किंवा कुरूप काढायचं नाही. रविवारी तीन मिनिटांची फेरी: घड्याळ लावायचं, तीन मिनिटांत जेवढं होईल तेवढं काढायचं, खोडरबर न वापरता तसंच टाकायचं. आणि सुजलेला डोळा ही तिथं शोभेची गोष्ट होती. म्हणजे लढत जिंकली असो की हरली, डोळा सुजलेली बॉक्सर म्हणजे उभी राहिलेली बाई. प्रत्येक दुसऱ्या चित्रात तो डोळा असायचा. ग्रुप सांभाळायची रीना, शिलाँगकडची. पूर्वी स्वतः खेळायची, गुडघा गेला आणि चित्रांकडं वळली. हिंदीतून लिहायची, फार कमी बोलायची आणि खोटं चालवून घ्यायची नाही.

एका महिन्यात रीनानं सगळ्यांना एक काम दिलं: आपल्या बॉक्सरला आपल्या घरच्या बाईचं रूप द्या. माझ्या डोळ्यांपुढं लगेच माय आली. भेंडी तोडायची म्हणजे हाताला बारीक कुसळं लागतात, दिवसभर आग होते. म्हणून माय माझे शाळेचे जुने मोजे हातात घालायची, पांढरे, वरच्या काठाला निळी पट्टी असलेले, आणि मनगटाशी साडीच्या चिंधीनं घट्ट आवळायची. दातांत चिंधीचं एक टोक धरून दुसरं ओढायची. बॉक्सर हाताला पट्टी बांधतात तेव्हा अगदी तसंच तोंड करतात. मी तीन-चार दिवस वावरात बसून तिचे हात काढले. कोपराखालचं गोंदण, तुळशीच्या रोपाचं, हनुवटीवरचे तीन ठिपके, सगळं. माय ओरडायची, "काय पाहून राह्यली वं? भेंड्या जून होऊन राह्यल्या, तोडू लाग!"

चित्र चांगलं झालं, पण डोळा जमेना. रीनानं एका ओळीत लिहिलं, "यह आँख झूठी है. तुमने काजल लगा दिया है." मग पुढं समजावलं की सूज पहिल्या दिवशी लाल असते, तिसऱ्या दिवशी निळी, मग कडेनं पिवळी पडत जाते. वाचून रंग कळत नाहीत. रंग पाहावे लागतात.

आणि ते पाहायला मला लांब जावं लागलं नाही. आमच्या घराच्या मागं, एका कुडापलीकडं, सुमनकाकू राहायची. तिचा नवरा वसंता. गावात हसतमुख माणूस, कुणाच्या बारशाला, कुणाच्या मयतीला सगळ्यांच्या पुढं. घरात तो कसा होता हे आमच्या आळीतल्या प्रत्येकाला माहीत होतं, आणि त्याच्याबद्दल कुणी काही बोलायचं नाही हेही. त्या आठवड्यात तिचा डावा डोळा सुजलेला होता. मी सकाळी नळावर पाण्याला जायची ती मुद्दाम तिच्या वेळेला. तिच्या शेजारी घागर मांडून बसायची. चार दिवस मी तो डोळा पाहिला. पापणी कशी जाड होते, आतलं पांढरं कसं लाल होतं, गालाच्या हाडावर निळा रंग कसा उतरतो आणि चौथ्या दिवशी कडेला हळदीसारखा पिवळा कसा येतो. घरी येऊन लगेच कागदावर उतरवायची. दुसऱ्या दिवशी तिनं विचारलं, "काय पाहून राह्यली वं वैशू?" मी म्हटलं, "काई नाई काकू." तिसऱ्या दिवशी तिनं पदराच्या गाठीतून तुरीचे ओले सोले, सोललेले दाणे, काढून माझ्या ओंजळीत टाकले. "मायले दे, भाजी कर म्हना." तेव्हा मला वाटलं, काकू किती मायाळू आहे. ती तसं का वागली हे मला नंतर कळलं, आणि कळलं तेव्हा मला लपायला जागा राहिली नाही.

चित्र टाकलं. मायचा चेहरा, मायचे हात, मोज्यांवर चिंधी आवळलेली, मागं साड्यांचं कुंपण रिंगच्या दोरीसारखं ताणलेलं, आणि तो डोळा. रीनानं लिहिलं, "अब सच है." त्या तीन शब्दांनी मी दोन दिवस हवेत होते. रेखालाही पाठवलं. ती खूश. तिनं ते आमच्या नातेवाइकांच्या ग्रुपवर टाकलं, वर लिहिलं, "मावशीचं चित्र, वैशूनं काढलं." तिच्या मनात कौतुकच होतं. पण तिथून ज्यानं पुढं ढकललं त्यानं वरची ओळ सोडली आणि नुसतं चित्र गेलं. त्याच्यापुढच्यानं खाली लिहिलं, "वैशूच्या मायले कोणं मारलं?" बॉक्सिंगच्या ग्रुपवर सुजलेल्या डोळ्याचा एक अर्थ होता. आमच्या तालुक्यात बाईच्या सुजलेल्या डोळ्याचा दुसरा एकच अर्थ होता. हे मला, शिकलेल्या मुलीला, सुचलं नाही.

दोन दिवसांनी दुपारी सुधाकरमामा आला. मायचा थोरला भाऊ, समुद्रपूरकडं राहणारा. सोबत त्यांच्या गावची दोन जाणती माणसं. मामा बाजेवर बसला नाही. मी पाण्याचा गडवा आणला तर म्हणाला, "ठेव तिकडे." बहिणीच्या घरचं पाणी त्यानं नाकारलेलं मी पहिल्यांदा पाहिलं.

"भाऊजी," तो बाबांना म्हणाला, "आमची बहीन आमाले जड नाई झाली अजून."

बाबा नुकते वावरातून आले होते, पायाला चिखल. "काय झालं गा सुधाकर?"

"काय झालं थे तुमी सांगा." त्यानं फोन पुढं केला.

बाबांनी फोन लांब धरून बराच वेळ पाहिला. "हे तं वैशूची माय हाये."

"मंग! मी काय म्हनून राह्यलो?"

तेवढ्यात माय भेंडीची टोपली कमरेवर घेऊन आली, हातात मोजे तसेच. मामा तडक तिच्याकडं गेला, तिची हनुवटी धरून तोंड उजेडाकडं केलं. "डोया दाखव."

"काय रे दादा?" माय म्हणाली. "म्हैस घेऊन राह्यला का, असा पाहून राह्यला?"

"कवा मारलं यायनं?"

"कोणं?"

"भाऊजीनं!"

मायनं टोपली खाली ठेवली आणि हसायलाच लागली. "यायनं? घरात गोम निंघाली तं हा मानूस मले हाक मारते. म्हने, तूच मार."

मामासोबत आलेली दोघं हसली. मामा हसला नाही. "हसू नोको. डोया बरा झाला असन. लेक खोटं काढन काय? कालेजात शिकते."

मग मला सांगणं भाग पडलं. "मामा, थे बॉक्सिंग हाये. बाया खेळतेत."

"बाया मारामारी खेळतेत?"

"व्हय."

"आन तुह्यी माय खेळते?"

"नाई."

"मंग तिले काऊन मारलं तू?"

   बाबा माझ्याकडं वळले, आणि त्यांचा आवाज इतका हळू होता की मला त्यांच्या ओठांकडं पाहावं लागलं. "मी तुह्या मायले कधी हात लावला का?"

"नाई बाबा."

"मंग हा डोया कोठून आनला?"

 माझी मान आपोआप कुडाकडं वळली. बाबांना ते कळलं नसेल, मायला कळलं. तिच्या चेहऱ्यावरचं हसू गेलं. दातांनी चिंधी सोडवून तिनं एक मोजा काढला, मग दुसरा, आणि मामाला म्हणाली, "दादा, तुमी तिघं नळावरून आले न?"

"आलो तं?"

"तिथं एक बाई पाणी भरून राह्यली होती. तिचा डोया पाह्यला?"

मामानं मागं वळून नळाच्या दिशेनं पाहिलं.

"कागदावरचा डोया पाहून तू एवढ्या दुरून आला. थो खरा डोया आठ दिवसांपासून नळावर हाये. तिचा भाऊ नाई आला. गावातलं कोनी नाई आलं. मीबी नाई गेली. तुमी तिघं तिच्या बाजूनंच आले न?"

 मग मामानं खाली वाकून गडवा उचलला आणि पाणी प्याला. आमच्या घरापुरतं ते भांडण तिथं मिटलं. पण मायचा आवाज लहान नव्हता आणि कूड पातळ होता.

दुसऱ्या दिवशी नळावर सुमनकाकूनं हात पुढं केला. "दाखव मले." मी फोन दिला. तिनं चित्र बोटानं मोठं केलं, तिला ते येत होतं याचंच मला आधी आश्चर्य वाटलं. "हात तुह्या मायचे," ती म्हणाली. "तोंड तुह्या मायचं. डोया मह्या हाये." मग फोन परत देत, माझ्याकडं न बघता, "म्हनून बसे काय तू मह्याजोळ." तिनं घागर कमरेवर घेतली आणि गेली. चार दिवस तिला वाटलं होतं की एवढ्या आळीत कुणीतरी आपल्याजवळ येऊन बसतं. मी रंग बघायला बसले होते.

आज इतक्या वर्षांनी त्या ग्रुपवर नव्यानं येणाऱ्या मुलींची चित्रं आधी माझ्याकडं येतात, रीनानं ते काम मला दिलं आहे. डोळा फार खरा असेल तर मी विचारते, हा कुणाचा? बऱ्याच जणी रागावतात. रागावू देत.

नळावरच्या त्या सकाळनंतरचे दिवस वाईट गेले. वसंता कुडाशी उभा राहून बाबांना नाही नाही ते बोलला, दुसऱ्याच्या घरात डोकावणारे म्हणाला. गावात दोन गोष्टी फिरायला लागल्या. एकीत बाबा मायला मारायचे, दुसरीत बाबांची पोरगी लोकांच्या बायांची चित्रं काढून बाजारात विकायची. दोन्ही खोट्या, आणि दोन्ही ऐकून बाबा जेवताना घास तसाच ताटात ठेवायचे. ज्या माणसाला गोम मारता येत नव्हती तो चौकातून जाताना मान खाली घालून जायला लागला. वर्ध्याच्या बाजारात मायला गिऱ्हाइकं वांगी निवडता निवडता तोंडाकडं निरखायची. एकीनं तर हळूच म्हटलं, "बरा झाकून येते वं तू थो डोया." बाबांनी बाजारात जाणं सोडलं. आणि एका सकाळी मला म्हणाले, "फोन ठेव." मी ठेवला. "कालेजबी ठेव." शेवटचं वर्ष होतं, परीक्षेला तीन आठवडे राहिले होते. मायनं एकदा विषय काढला तर ते एवढंच म्हणाले, "शिकवलं म्हनून हे दिवस पाह्यले." बाबांनी मला कधी मारलं नाही. त्या वाक्यानं जे झालं ते मी सांगत नाही.

फोन देण्याआधी मी रीनाला सगळं लिहून चित्र ग्रुपवरून हटवायला सांगितलं होतं. तिनं ते लगेच हटवलं. तिचं उत्तर मी खूप नंतर वाचलं. "मुझे लगा था तुम किसी बॉक्सर को देख रही हो." एवढंच.

मी घरी बसले. माय वावरात न्यायची, मी भेंडी तोडायची, मोजे न घालता, हात लालबुंद होईपर्यंत.  तिसऱ्या-चौथ्या दिवशी मी सुमनकाकूच्या दाराशी गेले, वसंता नसताना. माफी मागायची होती. ती तांदूळ निवडत होती. म्हणाली, "काढाले काढलं. विचारलं काऊन नाई?" मी म्हटलं, "विचारलं असतं तं तू हो म्हटलं असतं का?" "नाई," ती म्हणाली. "पर विचारलं असतं तं कोनीतरी विचारलं असतं." आणि पुन्हा तांदळाकडं वळली. बस म्हणाली नाही, जाही म्हणाली नाही. मी थोडा वेळ उभी राहून परत आले.

परीक्षेच्या आधीच्या आठवड्यात ती आमच्या वावरात आली. दिवसाढवळ्या, रस्त्यानं, सगळ्यांना दिसेल अशी. बाबा फाटलेल्या साड्या पुन्हा बांबूला बांधत होते. ती धुऱ्यावरच थांबली. मी आणि माय भेंडीत होतो.

"भाऊ," ती म्हणाली, "पोट्टीचा राग मलेबी हाये. तुमच्याहून जास्त हाये."

बाबा गाठ मारायचं थांबले.

"पर तिचं कालेज तोडून मह्या डोयाचं काय होनार हाये? गावात कोनी विचारलं तं मी सांगीन, डोया मह्या होता, मारनारा मह्या घरचा होता. तुमचं नाव यात नाई." मग मायकडं मान वळवून म्हणाली, "हिनं त्या दिवशी बोललं थे मी आयकलं. मह्यासाठी पयल्यांदा कोनी बोललं. तवा हे मी सांगाले आली. दुसरं काई नाई." आणि आली तशी गेली.

तिनं खरंच सांगितलं. नळावर, गिरणीत, बायांच्या घोळक्यात. त्याची किंमत तिनं घरात मोजली, हेही आम्हाला कुडाअलीकडून कळलं. या वेळी माय गेली, दार ठोठावलं आणि दार उघडेपर्यंत हटली नाही. नंतर सुमनकाकू माहेरी गेली, दोन महिन्यांनी परत आली, आणि वसंता काही वर्षांनी आजारी पडून गेला तेव्हा तिनंच त्याचं सगळं केलं. लोक अशा गोष्टीचा शेवट विचारतात. एवढाच आहे.

पहिल्या पेपरच्या सकाळी बाबांनी धुतलेलं धोतर नेसलं. मायच्या हातची टोपली घेतली, माझी पिशवी टोपलीवर ठेवली आणि एसटी थांब्याकडं निघाले. गाडीत माणसं पाहत होती. बाबा सरळ समोर पाहत होते. बाजाराजवळ उतरताना पिशवी माझ्या मांडीवर ठेवून म्हणाले, "चांगलं लिहीजो," आणि टोपली घेऊन गर्दीत गेले.

सुमनकाकू आजही माझ्याशी बोलते. माझ्या लेकराबाळांची चौकशी करते, सोले देते. गावी गेले की मी तिच्याकडं जाते, ती उभी राहून बोलते. माझ्याजवळ बसत नाही.

त्या वर्षी मी बी.ए. पास झाले, दुसऱ्या श्रेणीत. आमच्या घराण्यात पदवी घेतलेली मी पहिली.